बोडका शंकू

"एकतीस वर्षं हिला लेकीसारखं वाढवलं, आणि आता म्हणे माझ्या पाण्यानं हिचं डोकं बोडकं राहिलं! मी काय न्हावी आहे?"

माळीमामा हे झाडाला सांगत होते. हातात झारी, तोंड पानांत. पलीकडे हातभर अंतरावर डिंकताई उकिडव्या बसून झाडापुढची पाटी ओल्या फडक्याने पुसत होत्या. काचघरातल्या दमट हवेत पुटपुटणंसुद्धा थेट कानाशी येऊन बसतं.

"ऐकू येतंय, मामा."

"यायलाच हवं. काल सर सगळ्यांदेखत म्हणाले, तू पाणी जास्त घातलंस म्हणून शंकूवर लव आली नाही. अहो, पाणी जास्त झालं तर मुळं कुजतात. टक्कल कसं पडेल?"

"म्हातारं माणूस आहे. मनावर नका घेऊ."

"मनावर नाही घेत, डोक्यावर घेतलंय. उद्या सकाळी डोंगरावर निघालेत, माहीतंय ना? त्या गुडघ्यानं!"

डिंकताईंना माहीत होतं. गेले आठ दिवस त्यांना दुसरं काही सुचतच नव्हतं. पाटी पुसून झाली होती, तरी त्या पुसतच राहिल्या.

पाटीवर झाडाचं दोन शब्दी शास्त्रीय नाव होतं. पहिला शब्द प्रजातीचा. दुसरा शब्द म्हणजे डिंकताईंचं स्वतःचं नाव, मागे लॅटिन शेपटी लावलेलं. एकतीस वर्षांपूर्वी सरांनी, म्हणजे संग्रहालयाच्या तेव्हाच्या प्रमुखांनी, डोंगरावर ही नवी जात शोधली, रोप इथे आणून लावलं आणि तिला ताईंचं नाव दिलं. वनस्पती संग्रहालयात वाळलेले नमुने कागदावर चिकटवणाऱ्या बाईच्या नावाची ही जगातली एकमेव जात. एरवी ताईंचं नाव पगाराच्या यादीत आणि लग्नाच्या अल्बमच्या पहिल्या पानावर, एवढंच. बाकी सगळीकडे त्या डिंकताई.

झाड सायकडचं. काचघर बघायला येणारे त्याला पाम म्हणतात, थोडे शहाणे असतील तर नेचा म्हणतात, आणि दोघंही चुकतात. डायनासोरांच्याही आधीचं हे खानदान. फुलं नाहीत, फळं नाहीत. वर्षानुवर्षं नुसती पानं फुटत राहायची आणि मग एखाद्या साली, कुणाला विसाव्या वर्षी, कुणाला चाळिसाव्या, मधोमध शंकू वर यायचा. नराचं झाड वेगळं, मादीचं वेगळं. पण शंकू येईपर्यंत कोण नर, कोण मादी ते कळायची सोय नाही. या काचघरात अडतीस जातींचे सायकड होते. एकाचं खोड जन्मभर मातीखालीच, वर नुसती चार पानं. एकाच्या पातीला मधे एकच शीर, तर शेजारच्याला मधली शीरच नाही. एकाची पानं इतकी नेच्यासारखी की मोठमोठ्या पंडितांनी त्याला नेचा म्हणून नोंदवून ठेवलं होतं. पुढे कुठल्याशा बागेत त्याला शंकू आला आणि पंडितांना कागद फाडावे लागले. सरांची ही आवडती गोष्ट. सांगताना दर वेळी खदाखदा हसायचे.

गेल्या दीड महिन्यापासून या गोष्टीवर ते हसले नव्हते.

कारण सरांच्या या झाडालाही शंकू आला होता. मादीचा, चांगला नारळाएवढा. सरांच्या प्रबंधाप्रमाणे त्यावर दाट तपकिरी लव हवी होती; अरुंद पानं आणि लवदार शंकू, या जोडीवरच तर ती नवी जात उभी होती. त्या डोंगरावर अरुंद पानांची एक साधी जात होतीच, तिचा शंकू हिरवा आणि गुळगुळीत. रुंद पानांची दुसरी होती, तिचा लवदार. सरांची तिसरी. आणि आता सरांच्या तिसरीला आलेला शंकू हिरवागार, गुळगुळीत, धुतलेल्या भांड्यासारखा चकचकीत.

सगळ्यांना दिसत होतं. बोलत कुणीच नव्हतं.

इनचार्ज मॅडम रोज येऊन बघायच्या आणि "अजून लहान आहे, नाही का?" म्हणून पाय काढता घ्यायच्या. त्या सरांच्या विद्यार्थिनी. मामा पाण्यावरून वाद घालायचे, शंकूचा विषय आला की झारी भरायला जायचे. सर भिंगातून अर्धा अर्धा तास बघायचे. आधी म्हणाले, लव उशिरा येईल. मग म्हणाले, काचेखालची हवा मानवली नाही. मग मामांचं पाणी. आणि शेवटी म्हणाले, "रानातलं झाड बघितल्याशिवाय खरं काय ते कळायचं नाही. मी जातो."

एकोणऐंशी वर्षांचे होते. याआधी चार वेळा त्या डोंगरावर जाऊन आले होते, आपली जात पुन्हा शोधायला. चारही वेळा रिकाम्या हाताने. चौथ्या वेळी घसरले, त्यात गुडघा गेला.

दुपारी संग्रहालयात डिंकताईंचा हात चालेना. नमुन्यावर डिंक लावला आणि कागद घ्यायला विसरल्या. पान टेबलालाच चिकटलं. एकतीस वर्षांत असं कधी झालं नव्हतं. त्या उठल्या, खिडकी उघडली, बंद केली, लोखंडी कपाटांच्या रांगेतून एक फेरी मारून आल्या. सहाव्या कपाटाशी पाय आपोआप थांबले. तिथे सरांच्या त्या तिसऱ्या जातीची शीट होती. डावीकडे अरुंद पान, उजवीकडे उभा चिरलेला लवदार शंकू, खाली सरांच्या अक्षरातली पट्टी. चिकटवलेलं ताईंनीच. अजून एक कोपरा सुटलेला नाही.

तेवढ्यात फोन वाजला. सरांची सून.

"ताई, तुम्ही तरी सांगा हो बाबांना. घरात कुणाचं ऐकत नाहीत. डॉक्टर म्हणतात, जिनासुद्धा चढू नका, आणि हे पिशवी भरून बसलेत. तुमचं ऐकतील."

"माझं कशाला ऐकतील?"

"सारखं तुमचंच नाव असतं तोंडात. म्हणजे... झाडाचं."

ताईंनी फोन ठेवला आणि टेबलाला चिकटलेलं पान नखाने खरवडत बसल्या.

संध्याकाळी घरी नवरा दारात मिक्सर उघडून बसला होता. बस डेपोत मेकॅनिक होता. निवृत्त झाल्यापासून घरातली एक वस्तू धड राहिली नव्हती.

"अहो, मी उद्या सांगून टाकते."

त्याने स्क्रू तोंडात धरला होता. तो काढून हातात घेतला. ही गोष्ट ठाऊक असलेला जगात हा एकच माणूस.

"एकतीस वर्षं नाही सांगितलंस. आता चौदा महिने राहिलेत निवृत्तीला."

"ते डोंगरावर निघालेत."

"सून अडवेल, मुलगा अडवेल. तू कशाला मधे? शिवाय तुझी खात्री तरी कुठे होती तेव्हा? अंदाजच होता ना? बरोबरही असू शकला असता."

"शंकू आला की आता."

तो मिक्सरचं भांडं उलटं करून आत बघत राहिला. मग म्हणाला, "तुझं नाव जाईल बघ."

"हो."

"मी पोरांना सांगायचो, तुमच्या आईच्या नावाचं झाड आहे. माझ्या नावाचा साधा नटसुद्धा नाही."

ताईंना हसू आलं. त्या आत जाऊन भाजी चिरू लागल्या. अर्धी चिरून ठेवली, मग कपड्यांच्या घड्या घालायला घेतल्या, मग त्याही तशाच टाकून गॅलरीत जाऊन उभ्या राहिल्या.

सकाळी त्या वेळेच्या तासभर आधीच पोचल्या. फाटकाशी गाडी उभी होती, मागच्या सीटवर कापडी पिशवी आणि काठी. सर काचघरात होते. निघण्याआधी झाडाला बघायला आले होते. मामा झारी धरून उभे, पण झारीतून पाणी येत नव्हतं. इनचार्ज मॅडम हातातल्या किल्ल्या एकामागून एक फिरवत होत्या.

"ये, डिंकताई," सर म्हणाले. "बरं झालं आलीस. या वेळी घेऊनच येतो बघ. लवदार. आणला की तुझ्याच हातात देणार वाळवायला. तुझ्यासारखं वाळवणं कुणाला जमत नाही."

"सर, गुडघा..." मॅडम म्हणाल्या.

"गुडघ्याचं गुडघा बघेल. या बिचाऱ्या पोरीवर अन्याय होतोय." 'पोरगी' म्हणजे झाड. "आणि या डिंकताईवरही. हिला कायम करा म्हणून मी किती अर्ज केले होते! वर म्हणाले, जागा नाही. म्हटलं, पगार वाढवता येत नाही तर नाव तरी देऊ. नाव फुकट असतं." ते हसले. "पुढे जागाही मिळाली म्हणा. हो की नाही गं?"

"हो, सर."

"तेव्हा डोंगरावरून परतलो तो मी तापानं फणफणलेलो, नमुन्यांची तीन पोती भिजलेली, वही भिजलेली. ही एकटी. पंधरा दिवसांनी मी उठून बघतो तर प्रत्येक पान सरळ, प्रत्येक शंकू कुठल्या पानाचा त्या चिठ्ठीसकट! त्या चिठ्ठ्या बघितल्या आणि कळलं, आपल्या हाती काय लागलंय."

मामांनी झारी खाली ठेवली. फाटकाकडून हॉर्न वाजला.

"चला," सर म्हणाले आणि काठीसाठी हात लांब केला. काठी गाडीत होती. हात हवेतच राहिला, आणि ताईंनी तो धरला. एकतीस वर्षांत पहिल्यांदा. हात हलका होता, वाळलेल्या पानासारखा. धरला आणि सोडता येईना.

"काय गं?"

"बसा जरा."

"गाडी उभी आहे."

"राहू दे उभी. बसा, सर."

मामांनी न सांगता बादली उपडी करून पुढे सरकवली. सर बसले. गुडघा धरून, हळूच, मग एकदम. मॅडमच्या किल्ल्यांचा आवाज थांबला. ताईंनी पदराला हात पुसले, ते ओले नव्हतेच. त्यांनी शंकूकडे बघितलं. वरच्या काचेतून ऊन उतरून थेट त्यावर पडलं होतं, आणि तो निर्लज्जासारखा चमकत होता.

"या शंकूवर लव येणार नाही, सर," त्या म्हणाल्या. "डोंगरावरही तुम्हाला असं झाड सापडायचं नाही. चिठ्ठ्या पोत्यात सुटल्या होत्या. शाई उतरली होती, दोरे गळाले होते. मला नोकरीला लागून अकरा दिवस झाले होते. कुठला शंकू कुठल्या पानाचा, मला कळत नव्हतं, आणि विचारायला तुम्ही शुद्धीवर नव्हता. मी अंदाजानं बांधल्या."