हवालदाराचा घसा बसला

"आता काय करायचं रं?" काकासाहेबांनी कपाळावर हात मारून घेतला.

सहादेवने तोंड उघडलं, पण आतून नुसती हवा आली. यंदाच्या दुष्काळात मिरजगावच्या जत्रेला तमाशा ठरला नव्हता, म्हणून काकासाहेबांनी गावातलीच माणसं घेऊन नाटक बसवलं होतं. विहिरींवरची इंजिनं दुरुस्त करणाऱ्या सहादेव मिस्त्रीला हवालदाराचं काम मिळालं. चालू इंजिनाशेजारी ओरडून ओरडून त्याने भाषणं पाठ केली आणि ऐन जत्रेत घसा बसला.

"दुसरा उभा करतो."

सहादेवने हात जोडले. समोर सतरंजीवर त्याची आई बसली होती. तापात कान गेल्यापासून गोजरबाई नाटकाला येतच नसे. "मान्सं हसत्यात, अन् मी त्येंच्या तोंडाकडं बघती," म्हणायची. आज लेकासाठी आली होती.

"जा मग. पर बोलायला जाऊ नगंस," काकासाहेब हरले.

चोर झालेला नबीलाल शिंपी बाजेखाली शिरला. हवालदार ऐटीत आत आला आणि त्याची काठी पडद्याच्या दोरीत अडकली. त्याने हिसका दिला, तसा पडदाच धाडकन खाली आला. सहादेव त्याच्याखालून सरपटत निघाला, तो थेट लोकांच्या पुढ्यात. तो उठला, कपडे झटकले आणि पडद्याला कडक सलाम ठोकला.

पहिलं हसू सतरंजीवरून फुटलं, खणखणीत. गोजरबाईचं. मग अख्खा मांडव हसला.

पडदा पुन्हा चढवला. सहादेवला आता धीर आला होता. त्याने चोर बाजेवर शोधला, उशीखाली शोधला, स्वतःच्या खिशात शोधला. नबीलालला राहवेना. "आरं, मी हितं हाय की!"

सहादेवने ओठांवर बोट ठेवून त्याला गप्प केलं आणि तो पुन्हा शोधायला लागला. काकासाहेब विंगेत पोट धरून खालीच बसले.

उन्हं कलली तेव्हा मायलेक वस्तीकडे निघाले. एरवी मुकाट चालणारी गोजरबाई आज बोलायची थांबायला तयार नव्हती.

"त्यो मुडदा बाजंखाली, अन् हवालदार बघतुया खिशात! लई येडा!" डोळे पुसत ती म्हणाली. "अन् मंग काय झालं, ठावं हाय का तुला?"

सहादेवने मान हलवली. नाही.

ती पुढचं सांगू लागली.