हिचं दुखणं काय ते सांगा

मित्रांनो, मी एक जुनी मोटारगाडी आहे, आणि मी भित्री आहे. हे आधीच सांगून टाकलेलं बरं. पंधराशे सीसीचं इंजिन, चार दारं, पाच माणसांची बैठक, मागे भलीमोठी डिकी, रंग राखाडी. एवढं सगळं माझ्या काचेवर चिकटवलेल्या कागदावर लिहिलेलं होतं. भित्री असल्याचं मात्र त्यात नव्हतं. ते कोण लिहिणार म्हणा!

माझा जन्म जपानमधला. तिथे गाड्या रस्त्याच्या डाव्या बाजूने चालतात, म्हणून माझं स्टिअरिंग उजवीकडे होतं, तुमच्याकडच्या गाड्यांना असतं तसंच. एका निवृत्त पोस्टमास्तरांनी मला नऊ वर्षं जिवापाड सांभाळलं. माझं दारसुद्धा ते हळू लावायचे, आत कुणीतरी झोपलंय असं समजून. मग त्यांची नजर अधू झाली. मला जहाजात चढवलं आणि मी बोलिव्हियात येऊन पडले.

इथे सगळं उलटं. गाड्या उजव्या बाजूने चालतात. माझ्यासारखीला इथे नांदायचं असेल तर स्टिअरिंग उचलून डावीकडे बसवावं लागतं. ओरुरो नावाच्या खाणींच्या गावात हे काम करणारे मिस्त्री होते. माझ्या वाट्याला तेओफिलो मिस्त्री आला. हाताला चांगला होता, उगाच नावं कशाला ठेवू? दोन दिवसांत त्याने माझे पेडल हलवले, स्टिअरिंगचा दांडा डावीकडे आणला आणि खालच्या दांड्याला जोडला. त्या सांध्यावर एक बोल्ट आणि बोल्टला एक नट. नट त्याने बोटांनी फिरवून बसवला आणि पाना घ्यायला हात लांब केला.

तेवढ्यात गल्लीच्या तोंडाशी ढोल घुमला.

तुम्हाला सांगते, ओरुरोचा माणूस जेवण सोडेल, पण कार्निव्हलच्या वाजंत्रीची तालीम सोडणार नाही. तेओफिलो ट्रम्पेट वाजवायचा. त्याचा जोडीदार दारातूनच ओरडला, "अरे ए तेओफिलो! सगळे तुझ्या नावाने बोंब मारतायत. चल की!"

"आलो रे, एवढा एक नट आवळतो."

"नट काय पळून जातोय का? खाणीतल्या देवीमाउलीला वाजवायचं वचन दिलंयस तू, नटाला नाही!"

तेओफिलोने हात पुसले, ट्रम्पेट उचललं आणि गेला. दुसऱ्या दिवशी भलत्याच माणसाने येऊन माझं तोंड बंद केलं, म्हणजे स्टिअरिंगखालचं झाकण लावून टाकलं. हत्ती गेला आणि शेपूट राहिलं. वेग दाखवणारी तबकडी हलवायचा खर्च नको म्हणून तीही जुन्याच जागी ठेवली, उजवीकडे, शेजारी बसणाऱ्याच्या पुढ्यात.

त्या दिवसापासून माझ्या जिवाला घोर लागला. सरळ रस्त्यावर काही नाही. पण डावीकडे वळलं की सांध्यातून 'टक' असा बारीक आवाज यायचा आणि नट केसभर मागे सरकायचा. मला कळायचं. मला एकटीलाच कळायचं.

मला एल आल्तोच्या मोटारबाजारात आणून उभं केलं. ते एवढं उंचावरचं शहर आहे की नव्या माणसाला चार पावलांत धाप लागते. आमची रांग इलारिओन नावाच्या दलालाची होती. रांगेच्या मागेच सुट्या भागांची गल्ली. ज्या गाडीत मोठी खोट निघायची तिला तिकडे ढकलत न्यायचे, आणि संध्याकाळपर्यंत तिची दारं एका दुकानात, दिवे दुसऱ्या दुकानात. माझ्या शेजारची पांढरी गाडी अशीच गेली. सकाळी तिच्या आरशात मला माझं रूप दिसत होतं. संध्याकाळी तो आरसा दोरीला टांगलेला होता.

आता माझी पंचाईत बघा. खोट सापडली तर माझी चिरफाड. खोट नाही सापडली तर एखाद्या उतारावर माझ्यातल्या माणसांचं काय होईल, तो विचारसुद्धा मला सहन होत नव्हता. चार महिने मी जीव मुठीत धरून उभी होते.

मग एका गुरुवारी निकोलासाबाई आल्या. घेरदार परकर, डोक्यावर गोल टोपी, हातांना जांभळ्या मक्याचा वास. त्या चौकात गरम आपी विकायच्या. आपी म्हणजे त्या मक्याचं दाट, गोड पेय, आणि त्याच्याबरोबर चीज भरलेली फुगीर पुरी. नवरा वारलेला. त्यांची मुलगी सेनोबिया बाळंतपणाला आली होती. तिचं बाळ आता चार महिन्यांचं झालं होतं, आणि बाळाचा बाप खाली युंगासच्या खोऱ्यात संत्र्यांच्या बागेत कामाला. त्याने लेकीचं तोंडही पाहिलं नव्हतं. बाळाला बापाकडे पोचवायचं, आणि येताना डिकी भरून संत्री आणून विकायची, असा बाईंचा बेत होता.

बरोबर त्यांचे दीर होते, सेवेरो. सेवेरोंनी आयुष्यात एकदा सहा महिने टॅक्सी चालवली होती, आणि तेवढ्यावर ते जन्मभर बोलत होते.

"वहिनी, तुम्ही बाजूला व्हा. गाडी बघणं हे बायकांचं काम नाही," ते म्हणाले आणि त्यांनी माझ्या चाकावर लाथ मारली. चाकावर लाथ मारून काय कळतं ते मला अजून कळलेलं नाही. मग त्यांनी बॉनेट उघडून तेलाची पट्टी ओढली, वास घेतला, डिकीत स्वतः बसून पाहिलं, हॉर्न तीनदा वाजवला आणि रेडिओ लावला.

"किलोमीटर?"

"अठ्ठ्याहत्तर हजार," इलारिओन म्हणाला. मी दोन लाखांच्या वर चालले होते. शरमेने माझं रेडिएटर तापलं.

"लिटरला किती देते?"

"सपाटीला पंधरा. चढाला बारा धरा."

बाई इतका वेळ बोटांवर काहीतरी मोजत होत्या. "म्हणजे खाली जाऊन वर यायला चाळीस पेले आपीच्या पैशांचं पेट्रोल," त्या म्हणाल्या. "विमा, कर आणि तपासणीचा शिक्का धरून वर्षाचे सहाशे पेले. टायर?"

इलारिओन हसला. "मावशी, तुम्ही गाडी घेताय की पातेलं?"

"पातेलं घेतानासुद्धा मी उलटं करून बघते, बाबा. हिचे सुटे भाग मिळतात का?"

"या मागच्याच गल्लीत! वाट्टेल तेवढे."

माझी तर बोबडीच वळली.

मग बाईंनी माझ्या दारावर हात ठेवला. "आता एक खरं सांगा. हिचं दुखणं काय?"

"दुखणं? हिला?" इलारिओनने छातीवर हात मारला. "घोड्यासारखी आहे, मावशी!"

"घोड्यालाही दुखणं असतं. मी माझ्या शेगडीचं सांगते ना गिऱ्हाइकाला, थांब बाबा, जरा धुरते म्हणून."

"वहिनी, काय विचारताय तुम्ही!" सेवेरो ओशाळले. "मी बघितलंय ना सगळं. मी आहे ना!"

त्यांनी मला घेऊन बाजाराभोवती एक चक्कर मारली. मित्रांनो, आता मी माझं पाप कबूल करते. वळणावर 'टक' आवाज होणार होता. बाई कान देऊन बसल्या होत्या. मी मनात म्हटलं, होऊ दे आवाज, कळू दे यांना. आणि त्याच क्षणी मला दोरीला टांगलेला तो आरसा दिसला. मी अंग आखडून घेतलं. सांधा मुका राहिला. मी जगावं म्हणून मी गप्प बसले, आणि बाईंनी बारा वर्षांची पुंजी इलारिओनच्या हातावर ठेवली.

कार्निव्हलचा मंगळवार आटोपला आणि दुसऱ्या सकाळी आम्ही निघालो. सेवेरो स्टिअरिंगवर, बाई शेजारी, मागे सेनोबिया आणि शालीत गुंडाळलेलं बाळ. तबकडी बाईंच्या पुढ्यात, म्हणून वेग त्याच वाचून सांगायच्या.

"चाळीस, भाऊजी."

"माहितीय, वहिनी."

"पंचेचाळीस."

"अहो, मी काय शाळेत आहे का?"

"शाळेत असतात तर काळजी नव्हती. पन्नास!"

मागे सेनोबिया खुदखुदत होती. मला मात्र हसू येत नव्हतं. पाऊस भुरभुरत होता. माझे वायपर अजून जपानमधल्याच सवयीने उजवी बाजू पुसत होते, त्यामुळे सेवेरोंच्या समोरचा कोपरा ओलाच राहत होता. आणि प्रत्येक डाव्या वळणाला, टक. टक. आता मी कितीही अंग आखडलं तरी तो थांबत नव्हता.

"हा कसला आवाज, काका?" सेनोबियाने विचारलं.

"स्टिअरिंग पालटलेल्या गाडीचा स्वभाव असतो तो. तू झोप."

चढ संपला. आम्ही कुंब्रेच्या खिंडीत आलो. तिथून पुढे रस्ता नुसता खाली उतरत जातो, एका हाताला डोंगर, दुसऱ्या हाताला काहीच नाही, नुसतं धुकं. नट निसटायला एकच फेरा उरला होता. मी मनात पोस्टमास्तरांचा धावा केला. दुसरं कुणाचं नाव मला ठाऊक नव्हतं.

"थांबा," बाई म्हणाल्या. "पाजून घेऊ."

इथली रीतच आहे. खिंडीतून खाली उतरण्याआधी भूमातेला दारूचे चार थेंब द्यायचे आणि गाडीलाही. सेवेरोंना घाई होती. "वहिनी, कालच तर केलं ना घरी! धुकं वाढतंय. चाकांवर शिंपडा आणि चला."

"चाकांवर सगळेच शिंपडतात," बाई खाली उतरत म्हणाल्या. "माझी आई म्हणायची, जो जो राबतो त्या प्रत्येकाला घोटभर दिला पाहिजे. एकाला विसरलं की तोच रुसतो."

त्यांनी चारही चाकांना बिअर दिली. इंजिनाला दिली. दिव्यांना दोन दोन थेंब दिले. सेवेरो हात चोळत उभे होते. "झालं?"

"आणि जो आपल्याला हवं तिकडे नेतो तो? त्याचं मूळ कुठं आहे?"

"कुणाचं मूळ?"

"या चाकाचं हो, तुम्ही हातात धरता त्याचं!"

बाई डाव्या दारातून वाकल्या. टोपी काढून बाकावर ठेवली. एका हातात कार्निव्हलची उरलेली रंगीत फीत, दुसऱ्या हातात बाटली. फीत बांधायला त्यांनी स्टिअरिंगच्या दांड्यावरून हात खाली खाली नेला. पेडलांच्या वर ते झाकण होतं. त्यांनी ते ओढलं. ते निघालं. त्यांची बोटं सांध्यापाशी पोचली.

मित्रांनो, त्या क्षणी मला सुट्या भागांची गल्ली आठवली नाही. खरंच सांगते. मागे बाळ जागं झालं होतं आणि माझ्या काचेवर हात मारत होतं. मी मनात एवढंच म्हणत होते, अजून थोडं खाली, बाई. अजून थोडं.

फीत गुंडाळताना त्यांचं बोट नटाला लागलं. नट फिरला आणि त्यांच्या तळहातावर पडला.

बाई उठल्या आणि त्यांनी मूठ उघडून सेवेरोंना दाखवली. सेवेरोंनी वाकून आत पाहिलं, बोटाने बोल्ट हलवून पाहिला. तो भातातल्या खड्यासारखा सहज बाहेर आला. सेवेरो मागे सरकले आणि ओल्या रस्त्यावर मटकन बसले.

"सेनोबिया," बाई म्हणाल्या, "बाळाला घेऊन खाली उतर."

"काय झालं गं आई?"

"आधी उतर."

सेवेरो रडायला लागले. एवढा मोठा माणूस, तोंड हातांनी झाकून. "वहिनी, मी बघितलं होतं हो सगळं. डिकीसुद्धा बघितली."

"डिकी चांगलीच आहे, भाऊजी," बाई म्हणाल्या. "उठा आता."

एका मालट्रकवाल्याला हात करून थांबवलं. तो पोटावर आडवा झाला, बोल्ट बसवला, पान्याने नट आवळला, वर दुसरा एक नट चढवला आणि तारेने बांधून टाकलं. पंधरा मिनिटं लागली. फक्त पंधरा मिनिटं! एवढ्यासाठी मी चार महिने रोज मरत होते, आणि एवढ्यासाठी तीन माणसं आणि एक तान्हं बाळ धुक्यात जाणार होतं.

ट्रकवाला हात पुसत म्हणाला, "मावशी, विकून टाका हिला भंगारात."

मला पुन्हा तो दोरीला टांगलेला आरसा दिसला.

"का म्हणून?" बाई म्हणाल्या. "हिची काय चूक? हिला कुणी विचारलंच नाही."

त्या दिवशी आम्ही खाली उतरलोच नाही. बाईंनी मला घरी नेलं, एका म्हाताऱ्या मिस्त्रीकडून नखशिखान्त तपासून घेतलं, आणि आठ दिवसांनी बाळ बापाच्या मांडीवर बसलं. येताना डिकीत संत्री होती. सेवेरो अजूनही मला चालवतात. आता बाईंनी "पंचेचाळीस" म्हटलं की ते मुकाट्याने चाळीसवर येतात.

उताराची भीती मला अजून वाटते. ती काही जायची नाही. पण खिंड आली की बाई वाकतात, हात आत घालतात आणि तो नट बोटांनी चाचपून बघतात. मग त्याच्यावर दोन थेंब. तेवढ्यावर मी उतरून जाते.

म्हणून, मित्रांनो, कधी जुनी गाडी घ्यायला गेलात तर कागद वाचा, किलोमीटर विचारा, पेट्रोलचा हिशेब करा, सगळं करा. पण एकदा वाकून आत हात घाला, आणि दुखणं काय तेही विचारा. आमच्यातल्या कितीतरी जणी बिघडलेल्या नसतात हो. त्यांचा मिस्त्री फक्त पाना घ्यायला वळलेला असतो, आणि तो परत आलेला नसतो.