साडेआठचं शिंग

लॉन्ड्रीवालीने वीज कंपनीशी भांडण मांडलं, त्याला तीन महिने झाले होते. कंपनीने तिला न विचारता मोठ्या कारखान्यांच्या दरात नेऊन बसवलं होतं. म्हणे, तिचं दुकान एका वेळी फार वीज ओढतं. "माझं दुकान? दोन धुलाईची मशिनं, एक ड्रायर, एक गिझर आणि एक वाफेची इस्त्री! मीटरलाच वेड लागलंय," हे ती प्रत्येक गिऱ्हाइकाला घडीच्या शर्टाबरोबर फुकट ऐकवायची. पण मनात धाकधूक होतीच. निकाल विरुद्ध गेला तर ड्रायर विकावा लागणार, आणि ड्रायर गेला की हॉटेलांच्या चादरींचं काम गेलंच.

सुनावणीला सासरे बरोबर आले. उभा जन्म शाळेत घंटा देण्यात गेलेला माणूस. आज कडक इस्त्रीत, साक्षीदार म्हणून. "सूनबाई, कागद तुझे. आवाज माझा."

तक्रार मंचाच्या अध्यक्षबाईंना सर्दी झाली होती. कंपनीच्या तरुण इंजिनिअरने, ज्याच्या शर्टाची चुरगळलेली कॉलर बघून तिचे हात शिवशिवत होते, मीटरमधून काढलेला आलेख टेबलावर पसरला. दिवसभर रेघ सुस्त मांजरासारखी लोळत होती. फक्त रोज सकाळी साडेआठला तिला एक शिंग फुटायचं.

"साडेआठला तुमच्याकडे काय होतं?" अध्यक्षबाईंनी विचारलं.

"काय होणार? मी दुकानात येते नऊला!" असं ती म्हणाली आणि मग तिला आठवलं. नऊला ती येते तेव्हा पाणी कढत असतं, इस्त्री फुसफुसत असते, मशिनं घुमत असतात. सुनेचा खोळंबा नको म्हणून मामंजी आधी येतात आणि पाचही बटणं एका तळहाताने दाबतात. घंटा द्यावी तशी.

शेजारी मामंजी छाती काढून बसले होते. त्यांचं नाव घेतलं, तर ती छाती पुन्हा वर यायची नाही.

"मीटर बरोबर आहे," ती म्हणाली. "आमच्याच दुकानाची खोड. सकाळी सगळ्यांना एकदम जाग येते."

इंजिनिअर हसला. "मग एकेकाला उठवा की! शिंग मोडलं की दर उतरतो."

"हे आधी का नाही सांगितलंत यांना?" अध्यक्षबाई शिंक आवरत म्हणाल्या. "दर बदलल्याची नोटीस दाखवा."

नोटीस पाठवलीच नव्हती. निकाल झाला: मागचे तीन महिने जुन्या दराने, पुढचेही तीन तसेच, तेवढ्यात शिंग मोडायचं.

जिना उतरताना मामंजी तिसऱ्या पायरीवर थांबले. "शिंग माझंच ना गं?"

"तुमचंच. पण आयतं कढत पाणी मिळणारी सून आख्ख्या गल्लीत मी एकटीच, हेही लक्षात घ्या."

"गोड बोलू नकोस." आणखी दोन पायऱ्या झाल्या. "शाळेत घंटा एकच व्हायची, पण पोरं वर्गावार आत सोडायचो. नाहीतर दारात चेंगराचेंगरी. हे मला सुचू नये?"

दुसऱ्या दिवशी ती पोचली, तर मामंजी गळ्यात शिट्टी अडकवून घड्याळाखाली उभे. गिझर पाणी तापवून बंद झालेला, इस्त्री थंड, आणि पहिलं मशीन एकटंच घुमत होतं.

"आणि ड्रायर?"

"तो ढ आहे. त्याची पाळी दहाला."

महिन्याने इंजिनिअर नवा आलेख घेऊन स्वतः दुकानात आला. शिंगाच्या जागी लहान लहान पायऱ्या होत्या. मामंजींनी तो चष्मा लावून दोनदा पाहिला आणि तो टांगायला भिंतीवर खिळा शोधू लागले.

"कागद राहू द्या," लॉन्ड्रीवाली इंजिनिअरला म्हणाली. "तुम्ही आधी तो शर्ट काढा बघू."