चाड्याचं झाकण

आमचे हे हैदराबादेत कायदा शिकवायचे. विलीनीकरणानंतर आम्ही परभणीला परतलो आणि हे ग्रंथ लिहायला बसले. पेटंटचा हक्क कुठं संपतो आणि फौजदारी गुन्हा कुठं सुरू होतो, हा त्याचा विषय. पक्की प्रत मी उतरवून काढी. लोक हसायचे, "परभणीत कुणाला लागतंय हो पेटंट?"

त्रेपन्न साली, पेरणीच्या तोंडावर, वालूरची गोजरबाई दारात आली. तिचा नवरा आश्रुबा सुतार चार दिवस कोठडीत होता. पेरणीच्या तिफणीवर बी सोडायची लाकडी वाटी असते, ते चाडं. बन्सीधर शेठनी त्याला फिरतं झाकण बसवून पेटंट मिळवलं होतं. आश्रुबानं तसंच चाडं केलं, म्हणून शेठनी चोरीची फिर्याद दिली.

"त्यो चोर ठरला तर आमच्या दारात जोडायला तिफण कोण टाकील, सायेब?"

यांनी लेखणी ठेवली आणि कोट चढवला. मीही मॅजिस्ट्रेटांच्या कचेरीत गेले. शेठ तिथंच होते.

"शेठ, तुमचं चाडं कुठं आहे?" यांनी विचारलं.

"दुकानात."

"जागचं हललं का?"

"न्हाई. पर ह्यानं माझी अक्कल चोरली ना!"

"व्हती का चोरायला?" मागून कुणीतरी बोललं. सगळे हसले. हे हसले नाहीत.

"शेठचा हक्क मी नाकारत नाही," हे म्हणाले. "त्यांनी दिवाणी दावा लावावा. पण ज्याची वस्तू जागेवरच आहे, त्याची चोरी होत नाही. या माणसाला कोठडीत ठेवायला कायद्यात आधार नाही."

मॅजिस्ट्रेटांनी कायद्याचं पुस्तक मागवलं, चोरीचं कलम दोनदा वाचलं आणि आश्रुबाला सोडलं.

बाहेर गोजरबाई हरखून म्हणाली, "आता कर म्हणावं झाकणाची शंभर चाडी!"

"एकही नको," हे म्हणाले. "झाकण शेठचं असेल तर मी उद्या तुमच्या विरुद्धही बोलेन."

"आत्ता गं बया! मग सोडवलं कशाला?"

"तो चोर नाही म्हणून."

ती फणकारली. आश्रुबा मात्र खाली बघत म्हणाला, "खरं हाय, सायेब. झाकण शेठच्याच दुकानात बघितलं व्हतं. आता बिगरझाकणाची करतो."

यांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. एवढ्या शिकलेल्या माणसाचा चेहरा इतका समाधानी मी त्याआधी पाहिला नव्हता.

त्या साली वालूरच्या तिफणी आश्रुबानंच जोडल्या. त्याचं दार कुणी चुकवलं नाही.