स्वर्गातली मेंढरं

साखरा गावच्या पत्र्याच्या गोदामात भरदुपारी दारं लावून आख्खं गाव उकडत बसलं होतं. समोर टांगलेल्या पांढऱ्या धोतरावर साक्षात स्वर्ग दिसत होता, आणि स्वर्गात मेंढरं होती.

"आवाज न्हाई, कारण तिथं शांती हाय," सोमेश्वर महाराज म्हणाले. "रंग न्हाई, कारण तिथं मोहमाया न्हाई. इथं मेलेलं मेंढरू तिथं चरून राहिलं. मागं वळून कुणी बघू नका, डोळे जातील."

झालं! मेंढपाळांचं गाव ते, माणसाचं नाव विसरेल पण मेंढराचं तोंड विसरायचं नाही.

"ती माझी कानतुटी," प्रभू म्हणाला.

"तुझी काहून? लांडग्यानं नेलेली माझी हाय ती," हनुमान म्हणाला. स्वर्गातल्या मेंढरावरून खाली दोघं गचांडी धरायला निघाले.

बनाबाई मात्र मेंढरं बघतच नव्हती. लोकर कातरणाऱ्या एका पाठमोऱ्या माणसावर तिची नजर खिळली होती. तोच वाकलेला खांदा. तिचा वारलेला नवरा, मसाजी! "आमचे मालक!" ती ओरडली.

"धनी लई एकटा हाय गं तुझा," महाराज कळवळले. "तुझा मेंढा दे, मी पोचता करतो."

सरदार म्हणजे तिच्या कळपातला एकुलता एक मेंढा. तो गेला तर कोकरं कुठून येणार? तरी बनाबाईनं खांबाला बांधलेला त्याचा दोर सोडायला घेतला.

तेवढ्यात स्वर्ग बदलला. मेंढरं गेली, बर्फ आलं, आणि काळे कोट घातलेले बुटके पक्षी डुलत चालू लागले.

"यमदूत," महाराज घाईनं म्हणाले. एक यमदूत घसरून पोटावर आपटला आणि गोदाम खो-खो हसलं.

शाळेच्या सपना मॅडम उठून सरळ मागं गेल्या. स्वर्गावर बांगड्यांसकट भल्या मोठ्या हाताची सावली उमटली. पोत्यांच्या थप्पीवर प्रसादाचं टोपलं होतं, टोपल्याला भोक, आत ओंजळीएवढा प्रोजेक्टर आणि त्याला जोडलेला मोबाईल.

"एक फिल्म संपली की मोबाईल आपोआप दुसरी लावतो. महाराज ते बंद करायला विसरले," मॅडम म्हणाल्या. "शंभर वर्षांपूर्वी लोक कॅमेरा घेऊन जगभर हिंडले. कुठं लोकर कातरतात, कुठं कारखाने चालतात, कुठं पेंग्विन राहतात, ते टिपून आणलं. त्यातल्याच ह्या फिल्म. तेव्हा फिल्मला आवाज नव्हता, रंग नव्हता. त्यात शांती-बिंती काही नाही."

"मंग ते आमचे मालक न्हाईत?" बनाबाईनं विचारलं.

"नाहीत, मावशी. परदेशातला कुणी मेंढपाळ होता, तुमच्यासारखाच."

बनाबाईला रडू आलं. सरदारचा दोर तिनं मनगटाला गच्च गुंडाळला. महाराज दाराकडं सरकले, तर तिथं प्रभू आणि हनुमान खांद्याला खांदा लावून उभे.

"चमत्कार दिसला की लगेच हात जोडू नका," मॅडम म्हणाल्या. "मागं वळा, उजेड कुठून येतो ते बघा. वळू नका म्हणणारा असेल, तर आधी वळा. डोळे कुणाचे जात नाहीत."

बनाबाईनं पदरानं तोंड पुसलं. "वळले मी," ती म्हणाली. "आता तो माणूस अजून एकदा लावा, मॅडम. कुणाचा का असंना, कातरतो झकास."