माझा डावा पंख

मित्रांनो, काचेच्या झाकणाखाली टाचणीने टोचून ठेवलेला मी एक जुना पतंग आहे. दोऱ्याला बांधून उडवतात तो नव्हे; अंधार पडला की दिव्याभोवती घिरट्या घालतो, तो. बारमाही उकाडा आणि ओल असलेल्या रानात मी जन्मलो. आकाराने तुमच्या करंगळीच्या नखाएवढा. पण तेवढ्यावरून कोणी मला ‘बिचारा’ म्हटले, की माझ्या अंगाचा तिळपापड होतो!

माझे रूप नीट ऐका. पुढचे पंख राखाडी, त्यांवर एकेक रुपेरी ठिपका. मागचे पंख केशरी, त्यांच्या मधोमध काळी कोर आणि कडेला पांढरी झालर. मिशा पिसासारख्या. हा सगळा रंग म्हणजे बारीक खवल्यांची भुकटी असते, छपरावरच्या कौलांसारखी एकावर एक रचलेली. एकदा झडली की ती पुन्हा येत नाही.

ती झडली कशी, तेही सांगतो. संग्रहालयात कीटक टाचून ठेवणारे एक गृहस्थ आहेत. सगळे त्यांना टाचणीकाका म्हणतात. माझे पंख पसरून मला फळीवर बसवताना त्यांना जेवायची घाई झाली होती. चिमट्याने धरायचे सोडून त्यांनी माझे डावे पंख चक्क अंगठ्याने दाबले. अंगठा केशरी झाला आणि पंख बोडके. काकांनी अंगठा विजारीला पुसला आणि ते जेवायला गेले. माझा केशरी रंग, आणि विजारीला! आजही आठवले की टाचणीसकट थरथरावेसे वाटते.

पुढे कित्येक वर्षे मी खणात पडून होतो. शेजारच्या निळ्या फुलपाखरापाशी माणसे वाकून ‘काय सुंदर!’ म्हणत. माझ्याकडे कोणी ढुंकूनही पाहिले नाही.

मग एके दिवशी काकांची पुतणी आली. ती चित्रकार. मुलांसाठी पतंगांचे आणि फुलपाखरांचे पुस्तक निघणार होते आणि त्यातली चित्रे ती काढत होती. माझी पेटी तिच्या टेबलावर आली तेव्हा वाटले, चला, उशिरा का होईना, न्याय मिळाला. कसला न्याय! कीटक रंगवणाऱ्यांची एक रीत असते. दोन्ही बाजू सारख्याच, म्हणून ते अर्धेच अंग पाहून काढतात आणि पातळ कागदावर उतरवून, तो उलटा करून दुसरे अर्धे उमटवतात. उजवीकडे काचेवर दिवा चमकत होता. तिने नेहमीप्रमाणे डावी बाजू घेतली. झाले! पेटीत एकच बाजू बोडकी होती, कागदावर दोन्ही बोडक्या झाल्या.

काकांनी मागून डोकावले.

“अगं, हे काय मळकट काढलंयस?”

“आहे तसंच काढलंय, काका.”

“मग गाळूनच टाक त्याला. पोरं बघायचीसुद्धा नाहीत. त्याच्या जागी ते निळं घे.”

“हं, तेच बरं.”

ऐकलेत, मित्रांनो? अंगठा त्यांचा, आणि मळकट मी! त्यांना ऐकू जाईल असा आवाज मला असता, तर काका-पुतणी दोघांचीही चांगली खरडपट्टी काढली असती.

मला परत ठेवायला तिने पेटी उचलली. काचेवरची तिरीप डोळ्यांत गेली म्हणून ती फिरवली, आणि माझी उजवी बाजू उजेडात आली. ती थबकली. भिंग घेऊन वाकली.

“काका, इकडे या! लवकर!”

काकांनी भिंगातून पाहिले. बराच वेळ पाहिले. मग ते भिंग बाजूला ठेवून स्वतःच्या अंगठ्याकडे बघत राहिले.

“काय झालं, काका?”

“काही नाही. तू काढ.”

माफी? छे, तिचे नावही नाही!

पुतणीने पहिले चित्र फाडले. या वेळी तिने उजवी बाजू रंगवली. ठिपका, कोर, झालर, काही सोडले नाही. मग पातळ कागद उलटा केला आणि डावी बाजू उमटवून तीही रंगवली. काकांच्या विजारीला गेलेला रंग कागदावर मला परत मिळाला.

मित्रांनो, तुमच्या दिव्यापाशी एखादे पाखरू आले, तर डोळे भरून पाहा. दोन्ही बाजूंनी पाहा. पण चिमटीत धरू नका. तुम्ही बोट पुसाल आणि विसरून जाल. माझा डावा पंख आता फक्त पुस्तकात आहे.