दार मोडायचं होतं

आमच्या लेकीच्या मेटल गाण्यांना मी किंचाळणंच म्हणायचे. मग तिने एका गाण्याचा व्हिडिओ करायचा ठरवला आणि मला गोष्ट सांगितली. घरात कोंडलेली मुलगी, बाहेरून कडी. शेवटी ती लाथेने दार मोडते आणि चालू पडते. चार मिनिटांत अख्खा सिनेमा! गिटारी आपल्या आगीत तेल ओतायला.

"बाबा, तकलादू दार करून द्या. एका लाथेत मोडलं पाहिजे."

आमचे हे सुतार. नुसतं "बरं" म्हणाले. पुढच्या आठवड्यात ती बँडबरोबर दुसऱ्या शहरात राहायला जाणार होती, आणि ते कळल्यापासून यांच्या तोंडाला कुलूप. जा म्हणेनात, नको म्हणेनात. पोर रोज त्यांच्या तोंडाकडे बघायची. मला तर दोघांचाही संताप यायचा.

शूटिंग यांच्याच कारखान्यात. कॅमेरा मागून आणलेला, संध्याकाळी परत द्यायचा. चौकट हलू नये म्हणून हे दारापलीकडे उभे. गाणं लागलं, लेक ओठ हलवत धावत आली आणि घातली लाथ. दार ढिम्म! पुन्हा घातली. ढिम्म! ड्रमवाला फिदीफिदी हसायला लागला.

"अहो, हे काय करून ठेवलंत?" मी ओरडले.

"फळी आतून कापणार होतो," पलीकडून आवाज आला. "पण कच्चं काम हातून होत नाही गं माझ्या."

म्हणे कच्चं काम! इतकी वर्षं संसार केलाय, मला कळत नव्हतं होय?

उजेड उतरला. कॅमेरावाला म्हणाला, हा शेवटचा टेक. तिने लाथा घातल्या, खांदा मारला, मुठी आपटल्या. गाणं संपलं तरी थांबेना. मग दाराला कपाळ टेकून म्हणाली, "बाबा, उघडा ना."

हे काही गोष्टीत नव्हतं.

कडी निघाली. भुशाने माखलेले हे समोर, डोळे भरलेले. "लागलं का गं पायाला?"

तिने नाही म्हणून मान हलवली. "जाऊ ना मी?"

"जा."

कॅमेरा चालूच होता. व्हिडिओत ते सगळं तसंच आहे. आता तिने चालू पडायचं, तर ही उंबऱ्यातच हुंदके देत उभी! तिला काही पाऊल उचलवेना. शेवटी यांनीच तिचा हात धरला आणि तिला दाराबाहेर आणलं.